वचनाबरोबर प्रसंगही द्यावा

'जे स्वतःला नको ते दुसऱ्याला करू नये' हे वचन जवळपास सगळ्या धर्मांत सापडतं, हे तुमचं म्हणणं पटलं. फक्त ते ज्या प्रसंगात आलं तो प्रसंगही सोबत द्यावा, असं मनापासून वाटतं.

तालमूद या ज्यूंच्या धर्मग्रंथातली गोष्ट घ्या. एक परधर्मी माणूस शम्माय या ज्यू धर्मगुरूकडे येऊन म्हणतो, मी एका पायावर उभा आहे तेवढ्या वेळात मला संपूर्ण तोरा, म्हणजे ज्यूंचं धर्मशास्त्र, शिकवा. शम्माय हातातल्या मोजकाठीनं त्याला हुसकावून लावतो. तोच माणूस मग हिलेल या दुसऱ्या धर्मगुरूकडे जातो. हिलेल जराही न चिडता वरचं वचन सांगतो आणि पुढे म्हणतो, बाकी सगळं याचंच विवरण. आता जा आणि शीक. सुविचारांच्या संग्रहांत नेमके हे शेवटचे शब्द गळतात. मला तर तेच सर्वांत मोलाचे वाटतात.

चिनी तत्त्वज्ञ कन्फ्यूशियसनंही झिगोंग या शिष्याला जन्मभर पाळायला हेच सांगितलं. पण दुसऱ्या एका संवादात झिगोंग स्वतःहून म्हणतो, इतरांनी माझ्याशी जे करू नये असं वाटतं, ते मीही त्यांच्याशी करणार नाही. त्यावर गुरूंचं उत्तर: तू अजून तिथवर पोचलेला नाहीस! केवढा हा स्पष्टपणा, आणि तोही इतक्या जवळच्या शिष्याशी.

धम्मपद या बौद्ध ग्रंथातला दंडवग्ग हा अध्यायही यात जरूर घ्या. दंडाला, म्हणजे शिक्षेला, सगळेच भितात, मरणाला सगळेच घाबरतात. म्हणून स्वतःवरून ओळखून कोणाला मारू नये आणि दुसऱ्याकरवी मारवूही नये, असं तिथे म्हटलं आहे.