मानाउस (ब्राझील): जुन्या शहरात गाइडसोबत अर्ध्या दिवसाचा पायी फेरफटका – सल्ला हवा

रानवाटा
जुलैत मानाउसला जायचं आहे. जंगलातल्या लॉजची बोट बुधवारी सकाळी निघते, म्हणून मंगळवार शहरासाठी मोकळा ठेवला आहे. सोबत आई-बाबा, दोघंही सत्तरीच्या आसपास. चालतात व्यवस्थित, पण ऊन आणि चढ एकदम आले की त्रास होतो. तिघंही शाकाहारी. जुन्या शहरात गाइड घेऊन तीन-चार तास फिरावं असा विचार आहे.
सुरुवात कुठून करावी? ऑपेराच्या नाट्यगृहाला आतून किती वेळ द्यावा? गाइड कसा पारखायचा? आणि रबराच्या पैशातून उभ्या राहिलेल्या इमारतींचं कौतुक सोडून बाकीचा इतिहासही कळेल, असं काही जमतं का?

नदीकाठ
नदीकडून सुरू करा आणि नाट्यगृहाशी संपवा. बहुतेक गाइड उलट नेतात, कारण पर्यटकांची हॉटेलं वरच्या बाजूला आहेत. पण मग भर दुपारी बंदरावर पोचता, आणि तिथे सावली नावालाही नाही.

सकाळी सातला आदोल्फो लिस्बोआ बाजारात हजर राहा. मानाउस विषुववृत्तापासून जेमतेम तीन अंश दक्षिणेला आहे. वर्षभर सहाच्या सुमारास उजाडतं आणि नऊनंतर हवा जड होते. बाजार १८८३ चा, पॅरिसच्या जुन्या मध्यवर्ती बाजाराच्या धर्तीवर बांधलेला: ओतीव लोखंडाचे खांब, रंगीत काचा. मोठ्या दुरुस्तीनंतर २०१३ साली पुन्हा उघडला. मासळीची बाजू सकाळीच भरलेली असते. तो वास नको असेल तर औषधी साली-मुळं, कसाव्याचं पीठ आणि ब्राझील नट विकणाऱ्या गाळ्यांकडे वळा. अर्धा तास पुरतो.

तिथून नदीच्या कडेने जुन्या कस्टम हाउसकडे, म्हणजे आल्फांदेगाकडे या (१९०९). इमारतीचं सामान इंग्लंडहून तयार आणून इथे जोडलं. तिच्याजवळच तरंगता धक्का आहे आणि खरा थांबा तो. रिओ नेग्रो नदीचं पाणी दरवर्षी सरासरी दहा मीटर चढतं-उतरतं. पक्का धक्का बांधला असता तर अर्धं वर्ष जहाजं त्याच्या खाली राहिली असती. म्हणून विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इंग्रज कंपनीने पाण्याबरोबर वरखाली होणारा धक्का केला. दरवर्षीच्या पुराची पातळी बंदराच्या भिंतीवर नोंदलेली आहे, ती गाइडला मुद्दाम दाखवायला सांगा. १९०२ पासूनच्या नोंदींत सर्वात वरची पातळी जून २०२१ ची, ३०.०२ मीटर, सर्वात खालची ऑक्टोबर २०२४ ची, १२.११ मीटर. २०२१ साली याच भागातल्या रस्त्यांवर पाणी होतं आणि लोक लाकडी फळ्यांच्या पुलांवरून ये-जा करत होते. जुलैत पूर नुकताच ओसरायला लागलेला असतो, त्यामुळे बोटी रस्त्याच्या बऱ्याच जवळ दिसतील. ऑक्टोबरात त्याच जागी खाली उतरत जाणारा लांबलचक चिखल असतो.

पुढे दोम पेद्रो दुसरा चौक आणि पासो दा लिबर्दादे ही जुनी सरकारी इमारत. इथे भव्य दर्शनी भाग फारसे नाहीत, म्हणून गाइड हा भाग गाळतात. तुम्ही गाळू नका. पोर्तुगीजांनी १६६९ साली किल्ला बांधला तो याच परिसरात, आणि त्याआधी इथे मूलनिवासींची वस्ती होती. चौकाखाली त्यांचे दफनाचे मातीचे रांजण सापडले आहेत. पासोमध्ये शहराचं संग्रहालय आहे. शहराला नाव ज्यांच्यावरून मिळालं ते मानाओ लोक पोर्तुगीजांशी लढले. शेजारच्या बेर्नार्दो रामोस गल्लीत शहरातली सर्वात जुनी घरं आहेत. तिथेच २०१७ पासून 'बाहसेरिकोवी' हे मूलनिवासी वैद्यकाचं केंद्र चालतं. रिओ नेग्रोच्या वरच्या खोऱ्यातले तुकानो आणि इतर समाजांचे वैद्य तिथे रोगी तपासतात. ती प्रदर्शनाची जागा नाही. आत जायचं तर आधी विचारून, आणि फोटो नाहीत.

मग कॅथीड्रलवरून एदुआर्दो रिबेरो रस्त्याने वर, नाट्यगृहासमोरच्या साँव सेबास्त्याँव चौकापर्यंत. बाजारापासून सगळं मिळून अडीच किलोमीटरच्या आत, थांबत थांबत तीन तास.

अनुजा_व
मार्ग बरोबर आहे, पण एक दुरुस्ती. शेवटचा टप्पा चढाचा आहे आणि तो साडेनऊ-दहाच्या उन्हात येतो. ज्येष्ठांनी कॅथीड्रलपाशी ॲपची गाडी घ्यावी (उबर आणि ९९, दोन्ही चालतात) आणि चौकात उतरावं. एक किलोमीटरसुद्धा नाही, पण नाट्यगृहातही जिने आहेत, गुडघे तिथे लागतील. गाइडला हे आदल्या दिवशीच सांगून ठेवा, म्हणजे एदुआर्दो रिबेरो रस्त्याची माहिती तो खाली उभ्या उभ्या देईल.
त्या रस्त्याची गोष्ट ऐकण्यासारखीच आहे. तिथे पूर्वी ओढा होता. रबराच्या काळात शहर 'युरोपी' करायचं म्हणून असे ओढे, तिथल्या भाषेत इगारापे, भरून काढले आणि वर रुंद रस्ते केले. रस्त्याची रुंदी आणि उतार पाहिला की जुना ओढा लक्षात येतो.
पाणी माणशी एक लिटर, टोपी, आणि छत्री हवीच. जुलै तुलनेने कोरडा असला तरी दुपारची सर येते. बाजाराजवळची फरसबंदी ओली आणि घसरडी असते. चामड्याच्या तळव्याच्या चपला नकोत.

तिसरी घंटा
नाट्यगृहाबद्दल. तेआत्रो आमाझोनास ३१ डिसेंबर १८९६ ला उघडलं. पहिला ऑपेरा ७ जानेवारी १८९७ ला झाला. आत फक्त गाइडेड फेरीनेच नेतात, पाऊण तास धरा. पोर्तुगीज आणि इंग्रजी फेऱ्या वेगवेगळ्या सुटतात, म्हणून पोचल्यावर आधी तिकीट-खिडकीवर इंग्रजी फेरीची वेळ विचारा आणि मधला वेळ चौकात घालवा. मंगळवार निवडलात ते चांगलं, सोमवारी बहुतेक वास्तू बंद असतात. तालीम चालू असेल तर प्रेक्षागृह तासभर बंद ठेवतात. खिडकीवर 'एन्साइओ' आहे का विचारलं की कळतं.

आत काय बघायचं: ७०१ आसनं. छत असं रंगवलंय की आयफेल टॉवरखाली उभं राहून वर बघतोय असं वाटावं. पडद्यावर दोन नद्यांच्या संगमाचं चित्र. वरच्या दिवाणखान्यात बुटांवर कापडी सपाता चढवायला देतात, कारण तिथली लाकडी तुकड्यांची जमीन मूळची आहे. सपाता घसरतात, आईंचा हात धरा. बाहेरून घुमट नीट बघा, ब्राझीलच्या झेंड्याच्या रंगांतली ३६,००० कौलं आहेत. ती समोर, अगदी पायथ्याशी उभं राहून दिसत नाहीत; चौकाच्या दूरच्या टोकाला जा.
प्रवेशाजवळच्या रस्त्यात रबर मिसळलं होतं, उशिरा येणाऱ्या बग्ग्यांचा आवाज आत येऊ नये म्हणून, असं गाइड सांगतात. त्याचा राहिलेला भाग दाखवायला सांगा.
चौकातलं स्मारक १९०० सालचं, ॲमेझॉन परदेशी जहाजांना खुली झाल्याचं. चार बाजूंना चार जहाजं, चार खंडांची. खाली काळ्या-पांढऱ्या दगडांच्या लाटा आहेत, कोपाकाबानाच्या किनाऱ्यावरच्या लाटांच्याही आधीच्या.

दोडामार्गकर
"बाकीचा इतिहास" हा तुमचा प्रश्न महत्त्वाचा आहे. तो गाइडवर सोपवून चालत नाही, तुम्हाला विचारावा लागतो. तीन प्रश्न घेऊन जा.

एक: चीक कोण काढत होतं? मूलनिवासी, आणि १८७७–७९ च्या दुष्काळानंतर ईशान्य ब्राझीलमधल्या सेआरा राज्यातून आलेले हजारो लोक. माणूस रानात पोचायच्या आधीच कर्जात असे. बोटीचं भाडं, सुरी, वाट्या, पीठ, मीठ, सगळं उधारीवर, आणि भाव मालकाच्या दुकानाचा. वर्षाचं रबर देऊनही खातं मिटत नसे. या उधारीच्या साखळीला 'आव्हियामेंतो' म्हणत. तिचं वरचं टोक बंदराजवळच्या व्यापारी पेढ्यांत होतं. कस्टम हाउससमोर उभं राहून हे ऐकलं की मग वर नाट्यगृह बघण्याला अर्थ येतो, आणि नदीकडून सुरू करण्याचं माझ्या मते हेच खरं कारण आहे.

दोन: पैसा गेला कुठे? १८७६ साली हेन्री विकहॅम या इंग्रजाने रबराच्या सुमारे ७०,००० बिया लंडनच्या क्यू बागेत नेल्या. तिथली रोपं सिलोन आणि मलायात गेली. आशियातल्या बागांचं स्वस्त रबर बाजारात आल्यावर १९१२ नंतर मानाउसचा भाव कोसळला. केरळातलं आणि आमच्या दोडामार्गातलं आजचं रबर मुख्यतः त्याच बियांच्या वंशातलं आहे.

तीन: मग ॲमेझॉनमध्येच बागा का केल्या नाहीत? केल्या, पण पानांवरच्या करपा रोगाने बसल्या. रानात रबराची झाडं एकमेकांपासून लांब असतात, म्हणून रोग पसरत नाही. ओळीत लावली की एका झाडावरून दुसऱ्यावर जातो. या रोगाची बुरशी आशियात पोचलेली नाही.

या तिन्हींची उत्तरं गाइडकडे असतील तर तो चांगला. बुक करण्याआधी निरोप पाठवूनच विचारा, उत्तरावरून लगेच कळतं.

नदीकाठ
गाइडबद्दल भर. ब्राझीलमध्ये गाइडचा व्यवसाय कायद्याने नोंदणीचा आहे. पर्यटन मंत्रालयाच्या 'कादास्तुर' यादीत नाव लागतं आणि गळ्यात ओळखपत्र असतं. नंबर मागा, संकेतस्थळावर तपासता येतो. चौकात येऊन "मी फिरवतो" म्हणणाऱ्यांना नम्रपणे नाही म्हणा.
शेवटी खुशीने पैसे द्यायच्या सामूहिक फेऱ्याही असतात, पण घोळका मोठा, वेग ठरलेला, आणि पासोचा भाग हमखास सुटतो. ज्येष्ठ बरोबर असतील तर खासगी गाइड घ्या. ठरवताना चार गोष्टी लिहून घ्या: भाषा, किती तास, नाट्यगृहाचं तिकीट धरून की वेगळं, आणि पाऊस आला तर काय.

पणजीकर
शाकाहारींसाठी. नाश्त्याला 'शीस काबोकीन्यू' मागा: पावात तुकुमाँ नावाच्या ताडफळाच्या चकत्या, भाजलेलं चीज आणि तळलेलं केळं. पोट भरतं. दुसरा पर्याय तापिओका, कसाव्याच्या सत्त्वाची तव्यावरची घडी. आपला साबुदाणा त्याच कंदाचा, त्यामुळे आई-बाबांना चव परकी वाटणार नाही. आत लोणी, चीज किंवा नारळ सांगा.
संध्याकाळी चौकात ताकाका मिळतं: कसाव्याचा आंबट पिवळा रस, चिकट खळ, जीभ बधिर करणारा जांबूचा पाला आणि सुकी कोळंबी. "सें कामाराँव" म्हटलं तर कोळंबी घालत नाहीत, पण रसाला तिचा स्पर्श असू शकतो. काटेकोर शाकाहारी असाल तर टाळा. "नुसतं मांस नको" एवढंच सांगू नका. तिथे मासे आणि कोंबडी त्यात धरत नाहीत, तिन्हींची नावं घ्या.
सरबतात कुपुआसू या फळाचं नक्की घ्या.

डॉ_सु
पीतज्वराची लस कुणी लिहिली नाही म्हणून. ब्राझीलहून भारतात परतताना पिवळं प्रमाणपत्र तपासतात. नसेल तर सहा दिवसांपर्यंत विलगीकरणात ठेवू शकतात. लस निघण्याच्या किमान दहा दिवस आधी, सरकारने नेमलेल्या केंद्रावरच. एकच डोस, प्रमाणपत्र आयुष्यभर चालतं. साठीपुढे ही लस पहिल्यांदा घेताना गंभीर दुष्परिणामांचा धोका वाढतो, अंड्याची ॲलर्जी किंवा प्रतिकारशक्ती कमी करणारी औषधं असतील तर आणखी. आई-बाबांच्या डॉक्टरांशी तिकीट काढण्याआधी बोला. केंद्रांवर ठरावीक वारीच लस देतात आणि नंबर आधी लावावा लागतो.

रानवाटा
सगळ्यांचे मनापासून आभार. लसीचं आजच बघते. बाराला नाट्यगृहातून बाहेर पडलो तर दुपारी काय करावं? रबराचं संग्रहालय त्याच दिवशी जमेल का?

दोडामार्गकर
जमेल, पण आई-बाबांना घेऊन नको. सेरिंगालचं (रबर काढायच्या रानाचं) संग्रहालय शहराबाहेर आहे: मरीना दो दाव्ही या धक्क्यापर्यंत गाडी, पुढे बोट, आणि परतीची बोट भरेपर्यंत वाट बघावी लागते. मालकाचं दुकान, चीक धुरावर धरून त्याचा गोळा करायची झोपडी, हे सगळं तिथे दिसतं, पण सकाळच्या चालण्यावर ते जड होईल. लॉजची बोट त्या बाजूने जात असेल तर वाटेत थांबा मिळतो का विचारून बघा.
मंगळवारी दुपारी चार वाजेपर्यंत खोलीत विश्रांती. मग उघडं असेल तर पालासेते प्रोव्हिन्सियाल, एकाच छपराखाली अनेक छोटी संग्रहालयं आणि समोर झाडांचा चौक. सहाला अंधार पडतो. त्यानंतर साँव सेबास्त्याँव चौकात बसायला हरकत नाही, तिथे गर्दी आणि पोलिस दोन्ही असतात. बंदराकडच्या गल्ल्यांत मात्र दुकानं बंद झाल्यावर जाऊ नका, आणि हॉटेलपर्यंत गाडीच करा.