मदत हवी आहे : पेद्रो कोश्ताच्या सिनेमांतला व्हेंतुरा

मंडळी, पोर्तुगीज दिग्दर्शक पेद्रो कोश्ताच्या सिनेमांत दिसणाऱ्या व्हेंतुराबद्दल माहिती हवी आहे. मूळचा केप व्हर्द या पश्चिम आफ्रिकेजवळच्या बेटांच्या देशाचा हा माणूस लिस्बनमध्ये गवंडीकाम करायचा, फोंताइन्याश वस्तीत राहायचा. अभिनयाचं शिक्षण नाही, तरी 'जुव्हेंतूद एं मार्शा' (२००६) त्याच्याच खांद्यावर उभा आहे. त्यात तो बायकोला पाठवायचं पत्र सोबत्याला पुन्हा पुन्हा म्हणून दाखवतो. आवाज चढत नाही, चेहरा हलत नाही, आणि तरी ऐकताना गलबलून येतं. 'व्हितालिना व्हारेला' (२०१९) मध्ये तोच थरथरत्या हातांचा पाद्री झालाय. एवढ्या ताकदीच्या नटाबद्दल मराठीत मला काहीच सापडलं नाही, याचं फार वाईट वाटतं.

त्याच्यावर लेख लिहायचाय. त्याच्या मुलाखती कुणाकडे आहेत का, पोर्तुगीज किंवा क्रिओल या केप व्हर्दच्या बोलीतल्या असल्या तरी चालतील? गोव्यातलं कुणी पोर्तुगीज जाणणारं भाषांतराला मदत करेल का? आणि 'कव्हालु दिन्येइरु' (२०१४) मधला लिफ्टमधला लांबलचक प्रसंग नीट पाहायचाय, तिथे व्हेंतुरासमोर पुतळ्यासारखा सैनिक उभा असतो. इंग्रजी सबटायटल्सची चांगली प्रत अधिकृतपणे कुठे मिळेल? फिल्म सोसायटीवाल्यांनी जरूर सांगा.