मदत हवी आहे: मेसियाँ आणि देवगिरीचे ताल

ऑलिव्हिए मेसियाँ (१९०८–१९९२) हा फ्रेंच संगीतकार पॅरिसच्या त्रिनिते चर्चमध्ये १९३१ पासून साठेक वर्षं ऑर्गन वाजवत होता. कट्टर कॅथलिक, वर पक्ष्यांच्या आवाजांचं स्वरलेखन करणारा अवलिया! सध्या त्याने मला झपाटलंय.

कारण, शार्ङ्गदेवाच्या 'संगीतरत्नाकरा'तले १२० देशी ताल त्याने एका फ्रेंच विश्वकोशात वाचले आणि थेट आपल्या रचनांत घेतले. तेराव्या शतकात आपल्या देवगिरीला, यादवांच्या पदरी लिहिलेला ग्रंथ हो!

जर्मनांच्या युद्धकैदी छावणीत जानेवारी १९४१ मध्ये त्याची जी चौकडी (चार वाद्यांसाठीची रचना) पहिल्यांदा वाजली, तिच्या पहिल्याच भागात पियानो रागवर्धन, चंद्रकला आणि लक्ष्मीश हे ताल वाजवतो. सतरा कालमूल्यांचं (स्वर किती वेळ टिकवायचा त्या मापांचं) आवर्तन, पण स्वरगुच्छ (एकदम वाजणाऱ्या स्वरांचे गट) एकोणतीस! त्यामुळे दोन्ही जुळता जुळत नाहीत.

मी तबल्याच्या चार परीक्षा दिल्यात, तरी हाताने मोजताना रागवर्धनातच हमखास घसरतो. द्रुत, विराम, प्लुत ही जुन्या तालांतली कालमापं टाळीवर कशी धरायची? पखवाजवाल्यांनी कृपया सांगा. आणि त्याच्या ऑर्गनच्या रचना कुठून ऐकायला सुरुवात करू?