लूता, लूत आणि कोळी

राजापूरकर

आमच्या घरी पणजोबांची औषधांची मोडी वही आहे. काकांनी ती जाणकाराकडून बाळबोधीत उतरवून घेतली. त्यातल्या दोन नोंदींवर आम्ही अडलोय.

एक : "लुतेवर उंडेलात गंधक खलून चोळणे. तीन दिवस स्नान नाही."

दुसरी, चार पानं सोडून : "लुता अंगावरून गेल्यास वाळा व रक्तचंदन उगाळून लेप."

काकांचं म्हणणं, ही कुत्र्याला लागते ती लूत, त्यात काय विचारायचं. पहिल्या नोंदीला ते पटतं. पण लूत अंगावरून जाईल कशी? उतरवणाऱ्यानेही तिथे 'लूत' लिहून पुढे प्रश्नचिन्ह टाकलंय. 'लुता' असा वेगळा शब्द मराठीत आहे का?

वेंगुर्लेकर

आहे. आणि तुमच्या वहीत तो दोन्ही अर्थांनी आलाय, म्हणून काका निम्मे बरोबर.

'लूता' म्हणजे कोळी. आठ पायांचा, जाळं विणणारा. अमरकोशात ओळ आहे, 'लूता स्त्री तन्तुवायोर्णनाभमर्कटकाः समाः'. म्हणजे लूता, तंतुवाय, ऊर्णनाभ आणि मर्कटक ही एकाच प्राण्याची चार नावं. त्यातलं 'लूता' स्त्रीलिंगी, आणि तुमच्या पणजोबांच्या अंगावरून जाते ती हीच लुता. हिंदीवाल्यांनी 'मर्कटक' घेतला आणि मकडी केली. आपण यातला एकही रोजच्या बोलण्यात ठेवला नाही, आपला कोळी वेगळ्याच वाटेने आला. 'ऊर्णनाभ' निदान उपनिषदांवरच्या प्रवचनांत तरी कानावर पडतो, कारण मुंडकोपनिषदात 'यथोर्णनाभिः सृजते गृह्णते च' हा दृष्टांत आहे : कोळी जसा आपल्यातूनच धागा काढतो आणि परत आत घेतो, तसं अक्षरातून, म्हणजे अविनाशी ब्रह्मातून, विश्व. (आत घेतो हे खरंच. चक्राकार जाळी विणणारे बरेच कोळी जुनं जाळं खाऊन टाकतात आणि नवं विणतात.) 'लूता'चं नशीब मात्र वैद्यांच्या हाती गेलं.

सुश्रुतसंहितेच्या कल्पस्थानात आठवा अध्याय कीटकल्प. त्यात लूतांचा मोठा प्रपंच आहे. विश्वामित्राने वसिष्ठांची कामधेनू नेऊ पाहिली, वसिष्ठ संतापले, त्यांच्या कपाळावरून घामाचे थेंब ठिबकले ते गाईसाठी कापून ठेवलेल्या गवतावर. त्यातून लूता झाल्या. 'लून' म्हणजे कापलेलं, म्हणून लूता : 'तस्माल्लूतेति भाष्यन्ते सङ्ख्यया ताश्च षोडश'. ही व्युत्पत्ती भाषाशास्त्राच्या कसाला उतरेल असं मला वाटत नाही, पण गोष्ट झकास आहे. सोळांपैकी आठ कष्टाने बऱ्या होणाऱ्या, आठ असाध्य. नावं वाचाच : त्रिमंडला, श्वेता, कपिला, पीतिका, आलविषा, मूत्रविषा, रक्ता, कसना या पहिल्या आठ. मग सौवर्णिका, लाजवर्णा, जालिनी, एणीपदी, कृष्णा, अग्निवर्णा, काकांडा, मालागुणा. एणीपदी म्हणजे हरिणीच्या पायांची. कोणीतरी कोळी नीट न्याहाळलेला दिसतो.

आता तुमचा खरा प्रश्न. सुश्रुताच्या लेखी लूतेचं विष फक्त दाढेत नाही. लाळ, नखं, मूत्र, दाढा, रज, विष्ठा, शुक्र अशी सात ठिकाणं. तेव्हा चावायची गरजच उरली नाही, नुसती अंगावरून गेली तरी पुरे. पुढे चट्टे, फोड, दाह. मग त्या फोडांनाही 'लूता' म्हणायला लागले. प्राणी आणि त्याने झालेला रोग, दोघांचं नाव एक. संस्कृत कोश हे दोन्ही अर्थ देतात. मराठीत येईतो कोळी गळून गेला आणि रोग उरला : लूत. लूत लागलेलं कुत्रं म्हणताना आपण दोन हजार वर्षांपूर्वीच्या कोळ्याचं नाव घेत असतो.

मालवणची सून

अगदी अगदी! आमच्या सासूबाई अंगावर लाल पट्टा उठला की अजून म्हणतात, "कोळी मुतलो." कुठे काय दिसलं नसलं तरी कोळीच मुतलेला असतो. ते तुमचं मूत्रविषा वाचून मी मोठ्याने हसले, त्यांना वाचूनही दाखवलं. त्या म्हणाल्या, "बघ, माका उगाच नाय म्हणूक लागत."

एक शंका. मोडीतून उतरवताना 'लुते' आणि 'लूते' यात फरक करता आला नसेल का? तेवढ्यावरून कळलं नसतं का कुठला शब्द ते?

वेंगुर्लेकर

नाही ना. मोडीत ऱ्हस्व-दीर्घ वेगळे लिहीतच नाहीत. 'लु' आणि 'लू' एकच. आणि 'लुतेवर' हे तर दोन्हीकडून साधतं, लूता-लूतेवर किंवा लूत-लुतेवर. आज आपण 'लुतीने भरलेलं' म्हणतो, पण जुन्या लिखाणात अशा शब्दांची रूपं इकडची तिकडे होतात. व्याकरण इथे हात वर करतं.

म्हणून औषधाकडे बघा, ते खोटं बोलत नाही. गंधक आणि तेल हा लूत-खरजेवरचा जुना इलाज. उंडेल तर आपल्या किनाऱ्याचंच. उंडीची झाडं समुद्रकाठी वाळूत उभी असतात, त्या बियांचं कडू हिरवट तेल, दिव्यात जाळायचं, होडीला लावायचं आणि गुरांच्या, माणसांच्या कातडीलाही. गंधकाने खरजेचा किडा खरोखर मरतो. उलट वाळा, चंदन ही थंड औषधं. सुश्रुताच्या लूताचिकित्सेत उशीर म्हणजे वाळा, चंदन, पद्मक, कुटज अशी नावं येतात. तेव्हा पणजोबांना फरक पक्का ठाऊक होता. पहिली नोंद रोगाची, दुसरी कोळ्याची. उतरवणाऱ्याने दुसरीकडे 'लूता' असं दीर्घ करून कंसात 'कोळी' लिहावं.

त्वचारोगवाला

शब्दांवर मी बोलणार नाही, फोडांवर बोलतो. कोकणातल्या दवाखान्यात पावसाळ्यात "कोळी मुतला" म्हणून येणारे रुग्ण ही नेहमीची गोष्ट. मानेवर, गालावर, काखेजवळ लालभडक पट्टा, मध्ये बारीक पाणी भरलेले फोड, आग होते. पट्टा चाबूक ओढल्यासारखा सरळ. कोपराच्या खळगीत असेल तर घडी पडून समोरच्या कातडीवरही तसाच ठसा, जोडीने.

यात कोळी निर्दोष आहे. हा पेडेरस नावाचा भुंगेरा. लांबी सात ते दहा मिलिमीटर, अंग नारिंगी आणि काळ्या पट्ट्यांचं, पाठीवर आखूड निळसर-हिरवे पंख, शेपूट वर उचलून चालतो. मुंगी समजून सोडून देतात. पावसात भातशेतीतून दिव्याकडे येतो, उशीवर, टॉवेलवर उतरतो. तो चावत नाही, डसत नाही. आपण झोपेत मानेवर चिरडतो आणि त्याच्या अंगातलं पेडेरिन कातडीवर पसरतं. गंमत म्हणजे ते त्याचं स्वतःचंही नाही, त्याच्या अंगात राहणारे जिवाणू ते बनवतात. लगेच काही होत नाही, फोड साधारण एक-दोन दिवसांनी उठतात, तोवर भुंगेरा कधीच गेलेला. मग नजर जाते छपराच्या कोपऱ्यात बसलेल्या कोळ्याकडे.

कोळ्याचं मूत्र वेगळं नसतं. विष्ठा-मूत्र मिळून एक पांढरट थेंब पडतो, त्याने फोड येत नाहीत.

दुसरी नेहमीची गफलत नागिणीची. एकाच बाजूला, पट्ट्यात फोड, आधी दोन-तीन दिवस ठणका. ती वेगळी, विषाणूची. तिच्यावर चंदन उगाळत बसू नका, लवकर दाखवा. गोळ्या पहिल्या तीन दिवसांत सुरू झाल्या तर जास्त उपयोगी पडतात.

वेंगुर्लेकर

डॉक्टर, हे भारी. सुश्रुताने म्हटलंय की नुकताच फुटलेला अंकुर बघून झाड कुठलं ते ओळखता येत नाही, तसं लूतेचं विष अंगात शिरल्याबरोबर ओळखू येत नाही. तुमचे ते एक-दोन दिवस आठवले. अर्थात याच्यावरून सुश्रुताला पेडेरस माहीत होता असं कोणी लिहू नये. त्याच्या लूतेने सातव्या दिवशी माणूस मरतो, तुमच्या रुग्णांचं तसं होत नाही.

राजापूरकर

काकांना सगळं वाचून दाखवलं. ते आता दुसऱ्या टोकाला गेलेत. म्हणतात, लूत जर कोळ्यावरून आली तर कुत्र्याच्या लुतीत कोळ्याचा काय संबंध, वैद्य काहीही ठोकून द्यायचे.

दापोलीकर

काकांना सांगा, संबंध आहे, पण वैद्यांना तो दिसणं शक्य नव्हतं. कुत्र्याची लूत आणि माणसाची खरूज ही सार्कोप्टिस नावाच्या सूक्ष्म किड्याने होते. मादी अर्ध्या मिलिमीटरहूनही लहान, कातडीत बीळ करून अंडी घालते. आणि हा किडा कीटक नाहीच. कोळी, विंचू, गोचीड यांच्या कुळातला, पूर्ण वाढ झालेल्याला आठ पाय. म्हणजे कोळ्याच्या नावाचा रोग कोळ्याच्या भाऊबंदानेच होतो. योगायोग, पण असा की थक्क व्हावं.

आणि हेच आपण आजही करतोय. बागायतीत या सूक्ष्म अष्टपादांना मराठीत नाव काय? कोळी! वांग्यावर लाल कोळी. नारळावर इरिओफाइड कोळी. कृषी खात्याचं कुठलंही पत्रक काढा. नारळाच्या देठाजवळची टोपी उचलली की खाली पांढरट त्रिकोणी डाग, पुढे तपकिरी खरबरीत चट्टे, सोडणाला चिरा, फळ बारीक राहून गळतं. भारतात 1998 साली केरळात हा पहिल्यांदा आढळला आणि पुढे आपल्या माडांवर आला. आमच्या बागेत त्याचा उच्छाद झाला तेव्हा शेजारचे आजोबा माडावर खरंच जाळी शोधत होते. "कोळी म्हणतास, मग जाळा खंय?" या कोळ्याला जाळं नाही आणि पायही चारच. आठ पायांच्या कुळातला चारपायी! भिंगाखाली पांढऱ्या आळीसारखा दिसतो.

मालवणची सून

मग आपला कोळी शब्द कुठून आला ते राहिलंच की. मी समजत होते की जाळं टाकतो म्हणून कोळ्यांवरून. मासेवाल्या कोळ्यांवरून म्हणतेय.

वेंगुर्लेकर

किनाऱ्यावर सगळे असंच समजतात, आणि समजणारच. देवगड बंदरात 'कोळ्याचं जाळं' म्हटलं तर कुठलं हे पुढच्या वाक्यावरूनच कळतं. पण प्राकृतात 'कोलिअ' हा शब्द सापडतो आणि त्याचा अर्थ विणकर आणि कोळी असा दुहेरी. म्हणजे आठपायी कोळ्याचं नाव विणण्यावरून, संस्कृतातला 'तंतुवाय' हाच अर्थ. मासेमारी करणाऱ्या समाजाच्या नावाचा उगम हा स्वतंत्र आणि वादाचा विषय आहे, त्यात इथे शिरत नाही. एवढं बघा, कोळीण म्हटलं की टोपलीवाली कोळीणच. माडापोफळीत पावसानंतर ती भली मोठी काळी-पिवळी, सोनेरी धाग्याचं जाळं विणणारी असते ना, ती मादी आहे. नर तिच्यापुढे तांदळाच्या कण्याएवढा. तरी तिला कोणी कोळीण म्हणत नाही, तीही कोळीच. स्त्रीलिंगी नाव होतं ते लूता, तेही आपण कुत्र्याला देऊन बसलो.

राजापूरकर

कोश बघताना 'लूतातंतु' मिळाला. हा आज वापरला तर चालेल का? मला एका लेखात 'कोळिष्टक' नको होतं, त्याला धुळीचा वास येतो.

वेंगुर्लेकर

'लूतातंतु' म्हणजे कोळ्याचा एक धागा, जाळं नव्हे. दव पडलेला, आडवा, उन्हात चमकणारा असा धागा म्हणायचा असेल तर चपखल आहे, पण वाचणाऱ्यांपैकी निम्म्यांना लूतच आठवेल आणि खाजवायला लागतील. नुसतं 'कोळ्याचा धागा' लिहा. कोळिष्टक टाळलंत ते योग्यच. आपल्याकडे कोळिष्टक म्हणजे सोडून दिलेलं, कोपऱ्यातलं. जळमट त्याच्याही पुढचं, चुलीच्या धुराने काळं होऊन लोंबणारं. जित्या कोळ्याच्या ताज्या जाळ्याला या दोन्हींपैकी काहीच म्हणत नाहीत, ते जाळंच.

आणि वहीतलं ते "तीन दिवस स्नान नाही" कुठल्या नोंदीत आहे ते परत बघून घ्या. लेप टिकावा म्हणून गंधकाच्या नोंदीत ते शोभतं. वाळ्याच्या नोंदीतही असेल तर पान उतरवताना ओळ सरकली असणार.

राजापूरकर

गंधकाच्याच. वाळ्याच्या खाली वेगळी ओळ आहे, ती आधी द्यायची राहिली : "जाळे काढून टाकणे, लुता मारू नये."