कार्व्हर सांगताना फिरती शाळा वगळू नये

अमेरिकेतील कृष्णवर्णीय कृषिशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर यांचे चरित्र मुलांना लवकर सांगावे, असे एका वाचकाने सुचवले आहे; ते मत मला पूर्ण मान्य आहे. मात्र भुईमुगापासून त्यांनी तीनशे वस्तू बनवल्या, यावरच सारा भर द्यावा हे पटत नाही. त्यांच्या नावावर पेटंटे अवघी तीन आहेत, आणि त्यांची थोरवी त्या आकड्यांत नाहीच. वर्षानुवर्षे कापूसच घेतल्याने अमेरिकेच्या अलाबामा राज्यातील जमीन निकस झाली होती आणि ती वाट्याने कसणारी कृष्णवर्णीय कुटुंबे कर्जात रुतली होती; त्यांना परवडेल असा उपाय म्हणून कार्व्हर यांनी चवळी, भुईमूग यांसारखी जमिनीला नत्र देणारी पिके आलटूनपालटून घ्यायला शिकवले.

सहावीच्या मुलांना हे सांगताना मी भुईमुगाचा वेल मुळांसकट नेला होता. नत्र धरून ठेवणाऱ्या मुळांवरच्या गाठी हाताळल्यावर एका मुलीने विचारले, की ज्या शेतकऱ्यांना वाचता येत नव्हते त्यांना हे कळले कसे? तेव्हा मी जेसप गाडीची, म्हणजे त्या फिरत्या शाळेची, हकिगत सांगितली. १९०६ साली अलाबामातील टस्कीगीच्या संस्थेने, जिथे कार्व्हर शिकवत होते, अवजारे, बियाणे आणि प्रात्यक्षिकांचे साहित्य भरलेली ही जनावरांनी ओढायची गाडी थेट शेतांच्या बांधापर्यंत पाठवायला सुरुवात केली. तिची आखणी कार्व्हर यांची होती. वर्णामुळे कॅन्ससमधील एका महाविद्यालयाने ज्यांना दारातूनच परत पाठवले होते, त्यांनी पुढे शाळाच लोकांच्या दारी नेली, हा भाग मुलांनी सर्वांत जास्त मनावर घेतला.