स्कॉटलंडचे मराठे, म्हणे!

बोरूबहाद्दर

परवा इथे 'स्कॉटलंड : युरोपातला महाराष्ट्र' असा लेख येऊन गेला. ज्यांनी वाचला नाही त्यांच्यासाठी सार: स्कॉट डोंगरी आणि स्वाभिमानी, इंग्रज कपटी, चारशे वर्षं स्कॉट एकदिलाने लढले, शेवटी १७४६ साली कलोडनला इंग्रजांनी त्यांना गुलाम केलं, सबब ते आणि आपण समदुःखी. खाली 'अंगावर काटा आला'चा पाऊस. मी तिथेच उत्तर लिहायला बसलो, ते आवरेना, म्हणून वेगळा धागा.

एकदिलाने? कधी? १२८६ साली तिसरा अलेक्झांडर घोड्यावरून पडून मेला. १२९० मध्ये त्याची नात, नॉर्वेहून निघालेली छोटी मार्गारेट, वाटेत ऑर्कनीलाच गेली. गादीवर तेरा जणांनी हक्क सांगितला. निवाड्याला बोलावलं कोणाला? इंग्लंडच्या पहिल्या एडवर्डला. बोलावणारे स्कॉट सरदारच. त्याने निवाड्याआधी 'मी तुमचा सार्वभौम' हे दावेदारांकडून कबूल करून घेतलं, आणि त्यांनी ते केलंही. त्यात रॉबर्ट ब्रूसचा आजोबा होता. चोर घरात शिरला नव्हता, त्याला पाट मांडून बसवला होता.

आता खुद्द ब्रूस. १२९६ मध्ये त्याचं घराणं एडवर्डच्या बाजूला, कारण गादी मिळाली होती जॉन बॅलिओलला आणि ती ह्यांना हवी होती. पुढच्या वर्षी तो उलटला. १३०२ ला परत एडवर्डच्या पदरी. फेब्रुवारी १३०६ मध्ये डम्फ्रीजच्या चर्चमध्ये त्याने प्रतिस्पर्धी जॉन कॉमिनला संपवलं आणि दीड महिन्यात स्वतःला मुकुट घालून घेतला. १३०८ साली त्याने बकनचा मुलूख जाळून बेचिराख केला. तो मुलूख इंग्रजांचा नव्हता बरं का, कॉमिनांचा होता.

आणि ज्याच्यावर सगळ्यांचे डोळे पाणावतात ते कलोडन! ती लढाई लंडनच्या गादीवर कोणत्या घराण्याने बसायचं ह्याची होती. सरकारी सेनापती कंबरलंडच्या फौजेत स्कॉटिश पलटणी होत्या, कॅम्पबेलांची मिलिशिया होती. लेखकाने हे वाचलेलं नसेल तर वाचावं, वाचून लपवलं असेल तर मग बोलणंच खुंटलं.

दर्याकिनारी

वा! म्हणजे निवाड्याला बोलावलेल्या पंचाने घर बळकावलं, तरी दोष यजमानाचा.

बेरिकचं नाव तुमच्या एवढ्या मोठ्या लेखात कुठेच नाही, हे कसं? मार्च १२९६. स्कॉटलंडचं सगळ्यात श्रीमंत बंदर, लोकरीचा व्यापार तिथून चालायचा. एडवर्डने ते घेतलं आणि गावातल्या लोकांची कत्तल केली. ते काय वारसदार होते गादीचे? कोष्टी, कोळी, व्यापारी होते. मग एप्रिलमध्ये डनबारला स्कॉट फौज मोडली, बॅलिओलच्या अंगरख्यावरची राजचिन्हं जाहीरपणे फाडून काढली, ज्यावर स्कॉट राजांचा राज्याभिषेक व्हायचा तो स्कूनचा दगड उचलून वेस्टमिन्स्टरला नेला. तो परत मिळायला १९९६ उजाडलं. सातशे वर्षं!

सरदार बदमाष होते, मान्य. जगात कुठले नसतात? पण बंडाचा पुढारी विल्यम वॉलेस कुठल्या गादीचा दावेदार होता? १२९७ ला स्टर्लिंगच्या पुलावर त्याच्यामागे उभे राहिलेले भालेकरी कोणाच्या वारसाहक्कासाठी मरायला आले होते? १३२० चं आर्ब्रोथचं पत्र वाचा. पोपला लिहिलंय की आमच्यातले शंभर जरी जिवंत राहिले तरी इंग्रजांचं राज्य मानणार नाही. आणि ब्रूसने स्वतः शरणागती पत्करली तर त्यालाही हाकलून देऊ, दुसरा राजा करू. चौदाव्या शतकात राजाला असं लेखी बजावणारे लोक मला दुसरे दाखवा.

उद्या तुम्ही महाराजांच्या लढायांनाही सरदारांची भाऊबंदकी म्हणाल.

बोरूबहाद्दर

महाराजांना मध्ये आणू नका. मुद्दा संपला की लोक हेच करतात.

आर्ब्रोथच्या पत्रावर मोहोर असलेला विल्यम डी सूलिस त्याच वर्षी ब्रूसला खाली खेचायच्या कटात सापडला. शंभर जण जिवंत राहीपर्यंत वगैरे ठीक आहे, इथे वर्षही पुरं झालं नाही.

घाटावरची

दोघांच्याही प्रतिसादांत नुसते राजे, सरदार आणि भालेकरी. बायका ह्या इतिहासात नव्हत्याच बहुतेक.

ब्रूसच्या डोक्यावर मुकुट ठेवला इझाबेलाने, बकनच्या काउंटेसने. राज्याभिषेकाचा मान तिच्या माहेरचा, मॅकडफ घराण्याचा. भाऊ इंग्रजांच्या ताब्यात, म्हणून ही आली. आणि नवरा कोण? कॉमिन! ज्यांच्या माणसाचा ब्रूसने नुकताच खून केला होता त्याच घराण्यातला. सासर, नवरा, सगळं सोडून आली. त्याच वर्षी पकडली गेली आणि एडवर्डने तिला बेरिकच्या किल्ल्यात पिंजऱ्यात ठेवलं. लाकूड आणि लोखंडाचा पिंजरा, बुरुजात, शौचकूप तेवढा आडोशाला द्यावा असा हुकूम. कोणा स्कॉट माणसाशी बोलायचं नाही. चार वर्षं. ब्रूसची बहीण मेरी अशीच रॉक्सबर्गला. बायको एलिझाबेथ कैदेत, ती १३१४ ला ब्रूसने बॅनकबर्नची लढाई जिंकल्यावर सुटली, कैद्यांच्या अदलाबदलीत. इझाबेला तोवर हयात होती का, ह्याचाही पत्ता लागत नाही.

'सरदारांची भाऊबंदकी' म्हणताना ही बाई कुठल्या खान्यात बसवणार, बोरूबहाद्दर?

बोरूबहाद्दर

कुठल्याच नाही. इझाबेला तुमची, घ्या. एका बाईवरून राष्ट्र सिद्ध होत असेल तर झालं सिद्ध.

घाटावरची

किती मोठं मन!

जुना_तोफखाना

लढायांबद्दल बोलताय आणि लढाई कशी झाली हे कोणीच सांगत नाही. स्टर्लिंगचा पूल लाकडी आणि इतका अरुंद की दोनच घोडेस्वार शेजारी शेजारी जातील. इंग्रज फौज हळूहळू पलीकडे उतरत होती. अर्धीमुर्धी उतरू दिली, मग पुलाचं तोंड दाबलं. पलीकडचे अडकले ते संपले. खजिनदार क्रेसिंगहॅम त्यात मेला, लोकांनी त्याची कातडी सोलली, इतका तो वसुलीमुळे नावडता. निळा रंग फासलेल्या त्या 'ब्रेव्हहार्ट' सिनेमात ही लढाई आहे पण पूलच नाही! आणि अँड्र्यू मरे नाही. उत्तरेत बंड उभं करून किल्ले त्याने घेतले, स्टर्लिंगला बरोबरीचा सेनापती तो, जखमी होऊन मेला तो, आणि पुतळे एकट्या वॉलेसचे. ह्याबद्दल कोणी धागा काढत नाही.

पुढच्याच वर्षी फॉलकर्कला तेच भालेकरी गोल करून उभे राहिले. घोडदळाला पुरून उरले, पण लांब धनुष्यवाल्यांनी उभ्या उभ्या टिपले.

आणि १५१३ चं फ्लॉडन. चौथा जेम्स स्वतःच्या मेहुण्याशी, आठव्या हेन्रीशी भांडत होता. मेहुणा फ्रान्सात, इथे सरेचा अर्ल. फ्रेंचांनी शिकवलेले पंधरा-अठरा फुटी भाले घेऊन स्कॉट ब्रँक्स्टनची टेकडी उतरले. पायथ्याला दलदल, तिथे फळी विस्कटली. भाल्याची सगळी गंमत फळी घट्ट असेपर्यंत. जवळ आल्यावर इंग्रजांच्या आठ फुटी कोयत्यासारख्या बिलांनी भाल्यांची टोकं छाटली आणि मग माणसं. राजा पडला, त्याचा आर्चबिशप मुलगा पडला, सरदारांची अख्खी पिढी गेली. ह्यात देशप्रेम वगैरे शोधत बसू नका. जमीन बघा आधी.

टायनकाठी

मी न्यूकॅसलला राहतो, म्हणून चार ओळी. इथल्या लोकांना बॅनकबर्न-फ्लॉडनपेक्षा चोऱ्यामाऱ्या जास्त आठवतात. सीमेवरची घराणी, आर्मस्ट्राँग, ग्रॅहम, एलियट, चार्लटन, रॉबसन, रात्री घोड्यावरून जाऊन पलीकडची गुरं हाकून आणायची. पलीकडची म्हणजे नदीपलीकडचीच असं नाही, ज्याची हाती लागतील त्याची. १५४७ ला पिंकीच्या लढाईत दोन्हीकडचे सीमेवरचे स्वार एकमेकांशी गप्पा मारताना दिसले, अशी तक्रार इंग्रज फौजेबरोबरच्या विल्यम पॅटनने लिहून ठेवली आहे. शेतकऱ्यांची जुनी घरं अजून उभी आहेत इथे: खाली गुरं, वर माणसं, भिंती हातभर जाड, शिडी वर ओढून घ्यायची.

माझे घरमालक बेरिकचे. ते गाव इतक्यांदा इकडून तिकडे गेलं की १४८२ ला कायमचं इंग्रजांकडे आलं तेव्हा लोक कंटाळले असतील. गाव इंग्लंडात, फुटबॉलचा संघ स्कॉटिश साखळीत खेळतो. त्या घरमालक आजोबांना विचारलं, स्कॉटलंडच्या स्वातंत्र्याच्या २०१४ च्या सार्वमतात तुम्ही कोणाकडून? म्हणाले, मला मत कुठे होतं, आणि असतं तरी तुला का सांगू?

जाता जाता: ह्याच चोरांच्या मुलुखात लँगहोम नावाचं गाव आहे. वरच्या टेकडीवर उंच स्तंभ. कोणाचा? सर जॉन माल्कमचा. महाबळेश्वरची माल्कम पेठ ज्याच्या नावाची, तो.

दर्याकिनारी

आता माल्कम कशाला?

जालनेकर

कशाला म्हणजे? हाच तर मुद्दा आहे! जून १८१८ मध्ये दुसरा बाजीराव शरण गेला तो ह्याच माल्कमला. आठ लाखांचं पेन्शन ठरवलं ते ह्यानेच. पुण्याचा एल्फिन्स्टन स्कॉट. साताऱ्याचा ग्रँट डफ बॅन्फचा, स्कॉट. आपला इतिहास आपल्याआधी त्याने लिहिला, मग नीलकंठ कीर्तन्यांना १८६७ साली त्याच्या चुका दाखवत बसावं लागलं. आणि तुम्ही समदुःखी म्हणता?

माझं आजोळ असईच्या जवळ. २३ सप्टेंबर १८०३ ला शिंद्यांविरुद्धच्या असईच्या लढाईत इंग्रज सेनापती वेलस्लीच्या बाजूने पुढे कोण होतं? ७४ वी आणि ७८ वी हायलँडर पलटण. ७४ वी असई गावाच्या तोफांपुढे चुकून गेली आणि तिची जवळजवळ वाताहत झाली, तरी शेवटी हरलो आपण. दोन्ही पलटणींना निशाणावर हत्ती मिळाला बक्षीस. आमच्या आजीला स्कॉट-इंग्रज काही माहीत नव्हतं. नांगरताना गोळे सापडायचे, ते घरात उंबऱ्याशी ठेवलेले.

दर्याकिनारी

भाकरीसाठी पलटणीत गेलेल्या हायलँडरवर हा दोष? कलोडननंतर त्याचा पोशाख कायद्याने बंद, हत्यारं जप्त, पुढे मेंढ्यांसाठी घरातून बाहेर काढलं. तो पलटणीत गेला नसता तर उपाशी मेला असता. आणि तुमच्या शिंद्यांच्या पलटणींतले कवायती गोरे कोण होते? आग्र्याला तोफा ओतणारा सँगस्टर स्कॉटच होता. असईला सेनापती पोलमन हानोव्हरचा. पगार देईल त्याची चाकरी, असा तो काळ.

जालनेकर

मग तेच म्हणतोय ना मी! पगार देईल त्याची चाकरी. समदुःखी कुठून आले मध्येच? आणि माल्कम-एल्फिन्स्टन उपाशी नव्हते, नोकरीला लावून द्यायला त्यांच्या ओळखी होत्या.

तर्कटभट

सगळे १७०७ टाळताय, स्कॉटलंड आणि इंग्लंड एक झाले ते साल. स्कॉट पनामात डॅरिएनला वसाहत काढायला गेले, १७०० पर्यंत पैसा आणि माणसं दोन्ही बुडाली. मग लंडनने ३,९८,०८५ पौंड १० शिलिंग मोजले, त्यातून डॅरिएनच्या भागधारकांची भरपाई झाली, आणि एडिनबरोच्या सरदारांनी आपली संसद आपणच मोडीत काढली. चारशे वर्षांत तलवारीने जे जमलं नाही ते हुंडीने झालं. रस्त्यावर दंगे झाले, ते सामान्य माणसांनी केले. म्हणजे दर्याकिनारींचं म्हणणं लोकांपुरतं बरोबर, बोरूबहाद्दरांचं सरदारांपुरतं. घ्या वाटून.

बोरूबहाद्दर

वाटून वगैरे काही नको. १५४४ ला इंग्रज सेनापती हर्टफर्डने एडिनबरो जाळलं ते का? वर्षाचीही नसलेल्या स्कॉटलंडच्या राणी मेरीचं लग्न आठव्या हेन्रीच्या मुलाशी ठरवलं होतं, ते स्कॉटांनी मोडलं म्हणून. परत वारसाहक्क! आणि शेवटी १६०३ ला झालं काय? स्कॉटलंडचा सहावा जेम्स वारसाहक्कानेच लंडनला जाऊन इंग्लंडचा राजा झाला. ह्या जेत्यांच्या यादीत स्कॉट राजा कसा बसतो, ते मूळ लेखकाने येऊन सांगावं. दोन दिवस झाले, ते इकडे फिरकलेले नाहीत.

घाटावरची

एडिनबरो जळत होतं तेव्हा आत वारसाहक्क राहत होता का?

टायनकाठी

आणि त्याच जेम्सने लंडनला पोचल्यावर पहिलं काम काय केलं? सीमेवरच्या घराण्यांना फासावर चढवलं, ग्रॅहमांना उचलून आयर्लंडला पाठवलं. दोन्ही राज्यं एकाची झाल्यावर ह्यांचा उपयोग संपला.

जालनेकर

आयर्लंडचं काढू नका, नाहीतर उद्या 'आयर्लंड : युरोपातला विदर्भ' येईल. असईचा गोळा मामाकडे आहे अजून. कोणाला फोटो हवा असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.

जुना_तोफखाना

मला पाठवा. वजनही कळवा, म्हणजे किती पौंडी तोफेचा ते सांगता येईल. बाकी अँड्र्यू मरेबद्दल अजूनही कोणी काही बोललेलं नाही, ह्याची नोंद घेतली आहे.