गिऱ्ह्याची बाहुली, पण भीती वाटेना! कोणते बाहुलीपट बघू?

ओहोळकाठ: गिऱ्ह्यावर, म्हणजे पाण्यातल्या भुतावर, सात-आठ मिनिटांचा स्टॉप-मोशन (बाहुली जराजरा हलवत एकेक फ्रेम टिपायची) बाहुलीपट करतोय. गोष्ट आजीची: गिऱ्ह्याचे केस ज्याच्या हाती लागतील त्याच्या घरी तो निमूट राबतो, केस परत मिळाले की मग बघा! बाहुली लाकडी, भुवया, ओठ, जबडा, सगळं हलतं. तीन शनिवार घालवून चाळीस सेकंद शूट केले, तर भाची म्हणते, "मामा, याचं पोट दुखतंय का?" लोककथांतली भुतंखेतं बाहुल्यांतून कुणी नीट दाखवलीत? बालचित्रपट नकोत.

सुतारपक्षी: जपानी बाहुलीपटकार किहाचिरो कावामोतो. आधी 'ओनी' (१९७२), मग 'दोजोजी' (१९७६). दुसऱ्यात एका भिक्षूच्या मागे धावणारी बाई नदीत उतरते आणि नागीण होते. तो देवळाच्या घंटेत लपतो, ती घंटेला विळखा घालून त्याला जाळते. बाहुल्यांचे चेहरे नोह या जपानी पारंपरिक नाटकातल्या मुखवट्यांच्या वळणाचे. मुखवटा जरा वर उचलला की उजळतो, झुकवला की झाकोळतो. बाकीचं काम आपलं मन करतं. तुझ्या बाहुलीचं सगळंच हलतं, दुखणं तिथेच आहे. जबडा चिकटवून टाक.
हा माणूस १९६३ साली प्रागला यिर्झी त्र्न्का या चेक बाहुलीपटकाराकडे शिकायला गेला, तर गुरूने सांगितलं, आपल्या देशाच्या परंपरेकडे बघ.

मधलीसुट्टी: चेक दिग्दर्शक यिर्झी बार्टाचा 'क्रिसार्झ'. हॅमेलिनच्या बासरीवाल्याची गोष्ट. माणसं लाकडात कोरलेली, बोलतात ती भाषा निरर्थक, आणि उंदीर मात्र बरेचसे खरेखुरे! दुसरा चेक दिग्दर्शक श्वान्कमायर, त्याचा 'ओतेसानेक' (२०००) बाहुलीपट म्हणावा का, वाद आहे. मूल नसलेलं जोडपं झाडाचं खोड बाळ म्हणून वाढवतं आणि ते दिसेल त्याला खात सुटतं. जेवताना लावू नकोस.

ओहोळकाठ: मग गिऱ्हा लाकडी आणि पाणी खरं, असं केलं तर?

सुतारपक्षी: अजिबात नको. दर फ्रेमला पाणी वेगळं चमकतं, नुसती खळबळ दिसते. सेलोफेनचा कागद चुरगाळून अंथर, अंगावरच्या थेंबांना ग्लिसरीन. ते ओघळत नाही.

तिठा: एवढं जपान-प्राग करताय, कुडाळजवळच्या पिंगुळीला जाऊन या की! ठाकर मंडळींच्या चामड्याच्या बाहुल्या मागून उजेड देऊन बघा. पाण्याखालचा गिऱ्हा तसा सावलीतच दाखवा, अख्खा कशाला?

ओहोळकाठ: जबडा फेविकॉलने बंद केला, दिवा मागे नेला. भाचीला अजून दाखवलं नाही, ताई ओरडेल. मे महिन्यात पिंगुळीला जातोय, गाडीत दोन जागा आहेत.